झांथियसचं गाढव आणि बलामची गाढवी: ग्रीक रंगभूमीवरचा आणि हिब्रू शास्त्रातला विनोद कसा पकडायचा

प्रश्न असा आहे: प्राचीन ग्रीक विनोदी नाटककार ॲरिस्टोफेनिसची नाटकं मराठीत वाचताना तळटीपा वाचूनच जीव मेटाकुटीला येतो, हसू काही येत नाही. आणि मुळात हिब्रू भाषेतल्या बायबलच्या जुन्या करारात विनोद आहे असं कोणी म्हटलं, की ते ओढूनताणून आणलेलं वाटतं. मग या दोन्हींत विनोद खरोखर आहे का? असेल तर वाचणाऱ्याने, नाटक बसवणाऱ्याने, अनुवाद करणाऱ्याने तो पकडायचा कसा?

विनोद दोन्हीकडे आहे आणि भरपूर आहे. फक्त तो वेगवेगळ्या जागी ठेवलेला आहे. ग्रीक कॉमेडीत नट प्रेक्षकांसमोर उभा राहून उघडउघड हसू मागतो. शरीर, मुखवटा, हातातली वस्तू, शब्दांची मोडतोड, सगळं त्यासाठी राबवतो. हिब्रू कथेत सांगणारा शेवटपर्यंत गंभीर राहतो. काय घडलं ते मोजक्या शब्दांत सांगतो, एखादा शब्द हटकून परत परत वापरतो आणि पुढे जातो. हसायचं की नाही हे ऐकणाऱ्याने ठरवायचं. दोन्ही एकाच पद्धतीने वाचायला गेलं की एकीकडे कंटाळा येतो आणि दुसरीकडे विनोद दिसतच नाही.

हा फरक समजायला दोन गाढवं शेजारी उभी करावीत.

पहिलं ॲरिस्टोफेनिसच्या ‘बेडूक’ या नाटकातलं. इ.स.पू. ४०५ मध्ये अथेन्सच्या लेनाया उत्सवात हे नाटक झालं आणि पहिलं आलं. पडदा नसलेल्या रंगभूमीवर मद्याचा आणि नाटकाचा देव डायोनायसस येतो. अंगात केशरी झगा, त्यावर हेराक्लीस या महावीरासारखं सिंहाचं कातडं, हातात सोटा. मागे त्याचा गुलाम झांथियस गाढवावर बसलेला, खांद्यावर काठीला अडकवलेलं सगळं सामान. झांथियसचं पहिलंच वाक्य: धनी, प्रेक्षक हमखास हसतात असं नेहमीचं काहीतरी बोलू का? देव म्हणतो, बोल, पण ‘ओझ्याने मेलो’ तेवढं म्हणू नकोस. मग कोणकोणते स्वस्त विनोद करायचे नाहीत याची यादी सुरू होते, आणि ती यादी देता देता सगळे विनोद होऊनही जातात. त्यानंतर वाद: तुला तर गाढव वाहून नेतंय, मग तू ओझं कसला वाहतोस? गुलामाचं म्हणणं, हे काय, खांद्यावर आहे की! त्या काळी अथेन्समध्ये तर्कबाजी शिकवणाऱ्या पंडितांची चलती होती, आणि देव आपल्या नोकराशी त्यांच्याच थाटात वाद घालतो.

दुसरी गाढवी जुन्या करारातल्या ‘गणना’ या पुस्तकाच्या २२व्या अध्यायातली. बलाम हा मोठा द्रष्टा. नुसत्या शापाने एक अख्खं राष्ट्र खलास करावं म्हणून मवाबाच्या राजाने त्याला बोलावलंय. तो गाढवीवर बसून निघतो. वाटेत देवदूत उपसलेली तलवार घेऊन उभा आहे. गाढवीला तो दिसतो, द्रष्ट्याला दिसत नाही. गाढवी पहिल्यांदा वाट सोडून शेतात शिरते. दुसऱ्यांदा द्राक्षमळ्याच्या दोन कुंपणांमधल्या बोळात भिंतीला घासते आणि बलामचा पाय चेंगरतो. तिसऱ्यांदा वळायलाच जागा नाही, तेव्हा ती सरळ खाली बसते. दर वेळी जागा अरुंद होते आणि दर वेळी तिला मार बसतो. मग गाढवी बोलते: मी तुझं काय केलं की तू मला तीनदा मारलंस? गाढवी बोलली याचं बलामला काहीच वाटत नाही. तो तिच्याशी भांडायला लागतो: तू माझी फजिती केलीस, माझ्या हातात आत्ता तलवार असती तर तुला ठारच केलं असतं! तलवार दोन पावलांवर आहे आणि तिचं टोक त्याच्याचकडे आहे. गाढवी विचारते, मी तुझीच गाढवी ना, जन्मभर तू माझ्यावर बसलास ना, मी असं कधी केलं होतं का? बलामचं उत्तर हिब्रूत एका शब्दाचं आहे: ‘लो’. म्हणजे ‘नाही’. शब्दांनी राष्ट्र संपवायला निघालेला माणूस गाढवीशी वादात हरला, आणि लेखक त्यावर एक अक्षरही बोलत नाही.

ग्रीक प्रसंग रंगमंचावर उभा राहतो तो हालचालीमुळे: काठी खांद्यावर सरकते, गाढव चालतं, खुद्द हेराक्लीस आपलं सोंग बघून ओठ चावतो तरी त्याला हसू आवरत नाही. हिब्रू प्रसंग उभा राहतो तो त्या ‘लो’मुळे. तिथे अनुवादकाने ‘बलाम खजील होऊन उत्तरला की, नाही, तू असे कधीच केले नाहीस’ असा मजकूर घातला की प्रसंग संपला. ‘तो म्हणाला, नाही.’ इतकंच हवं. गाढवीच्या तोंडी ‘आपण’ घालू नये. घरात वर्षानुवर्षं राबलेल्या जनावराचा ‘तू’च तिथे शोभतो.

आता ग्रीक बाजू नीट पाहू. डायोनायससच्या मोठ्या शहर-उत्सवात कॉमेडीची अधिकृत स्पर्धा इ.स.पू. ४८६ पासून सुरू झाली, म्हणजे शोकांतिकेच्या बऱ्याच नंतर. ॲरिस्टोफेनिसची ११ नाटकं पूर्ण उरली आहेत. कॉमेडीचा कोरस, म्हणजे गाणारा-नाचणारा जमाव, २४ जणांचा. नटांच्या पोटावर आणि ढुंगणावर भरावाच्या गाद्या, पुरुषपात्रांना चामड्याचं लोंबतं लिंग, चेहऱ्यावर मुखवटा. म्हणजे संवाद सुरू व्हायच्या आधीच प्रेक्षक अर्धा हसलेला असतो. छापील पानावर यातलं काहीच येत नाही, हे वाचकाने पहिल्यांदा ध्यानात घ्यावं. नाटकाच्या मध्यावर कथा थांबते आणि कोरस प्रेक्षकांकडे वळून थेट बोलतो. याला पाराबासिस म्हणतात. तिथे नाटककार परीक्षकांची कानउघाडणी करतो, प्रतिस्पर्ध्यांना टोमणे मारतो, शहराला सल्ला देतो. ‘बेडूक’मधल्या पाराबासिसने नागरिकत्वाचे हक्क गमावलेल्यांना ते परत द्या असं सांगितलं, आणि त्या सल्ल्याचं कौतुक होऊन नाटकाचा पुन्हा प्रयोग झाला अशी प्राचीन नोंद आहे.

या मोकळीकीला मर्यादा नव्हती असं मात्र समजू नये. इ.स.पू. ४२६ च्या नाटकावरून क्लिऑन या पुढाऱ्याने आपल्याला नगर-परिषदेसमोर ओढलं, असं ॲरिस्टोफेनिस पुढच्याच वर्षीच्या ‘अखार्नियन्स’मध्ये वदवतो. ४२४ मध्ये त्याने क्लिऑनला ‘सरदार’ या नाटकात अक्षरशः सोलून काढलं, पहिलं बक्षीस मिळवलं, आणि थोड्याच दिवसांत त्याच अथेन्सकरांनी क्लिऑनला सेनापती म्हणून निवडून दिलं. हे माहीत असलं की ‘विनोदाने सत्ता हलते’ असली ठोकळेबाज वाक्यं प्रस्तावनेत लिहायचा मोह होत नाही.

‘अखार्नियन्स’मधला एक विनोद जवळून बघण्यासारखा आहे, कारण ग्रीक कॉमेडी शब्दाची वस्तू कशी करते ते त्यात स्वच्छ दिसतं. युद्धाला कंटाळलेला दिकायोपोलिस नावाचा शेतकरी स्पार्टाशी स्वतःपुरता खासगी तह करायचं ठरवतो. ग्रीकमध्ये तहाला ‘स्पोंदाय’ म्हणतात, आणि देवापुढे ओततात त्या मद्यार्पणालाही ‘स्पोंदाय’च म्हणतात, कारण तह मद्य ओतूनच होत असे. तर दूत परत येतो तो चक्क दारूचे नमुने घेऊन. पाच वर्षांचा तह चाखून बघ. छे, याला डांबराचा वास येतोय, जहाजं बांधायची तयारी दिसते. दहा वर्षांचा? हा आंबूस आहे, मित्रशहरांकडे वकील धाडल्याचा वास येतोय. तीस वर्षांचा? अहाहा, हा अमृताचा. हा घेतला!

मराठीत ‘तह’ आणि ‘मद्य’ या दोघांना एक शब्द नाही. अनुवादक इथे टीप देतो आणि विनोद मरतो. उपाय असा की श्लेष सोडून द्यायचा आणि वस्तू धरायची. रंगमंचावर तीन बुधले आणायचे, त्यांवर ‘पाच वर्षं’, ‘दहा वर्षं’, ‘तीस वर्षं’ असं लिहायचं, आणि दूताच्या तोंडी आधी एकच वाक्य घालायचं: तह ओतून करायचा असतो ना, मग ओतायचंच घेऊन आलोय. बाकी काम नाक आणि जीभ करते. श्लेष शब्दात जन्मला असला तरी त्याचं हसू चाखण्याच्या क्रियेत आहे, आणि ती क्रिया कुठल्याही भाषेत चालते.

याच्या उलट एक जागा अशी आहे जिथे मराठी इंग्रजीपेक्षा सरस ठरते. ‘बेडूक’मध्ये पाताळात एस्किलस आणि युरिपिडीस या दोन मृत नाटककारांचा सामना लागतो. एस्किलस म्हणतो, तुझी सगळी नांदीची भाषणं मी तेलाच्या एका बुधलीने मोडून दाखवतो. युरिपिडीस भाषण सुरू करतो: तांतालसचा पुत्र पेलोप्स, पीसा नगरीला येऊन, वेगवान घोड्यांनी... आणि एस्किलस मध्येच घुसवतो: ...तेलाची बुधली हरवून बसला!

मुळात ‘वेगवान घोड्यांनी’ ही दुसऱ्या ओळीची पहिली पाच अक्षरं, त्यानंतर छंदात यती, आणि उरलेल्या जागेत ‘लेकिथिऑन आपोलेसेन’ हे शब्द मापात चपखल बसतात. मूळ ओळ ‘इनोमाओसच्या कन्येशी विवाह करतो’ अशी संपते. युरिपिडीसची वाक्यं एका साच्यातली: आधी नाव, मग बापाचं नाव, मग ‘येऊन’, ‘सोडून’, ‘नेसून’ अशी धातुसाधितं, आणि मुख्य क्रियापद शेवटी. ते क्रियापद येईपर्यंत दार उघडं असतं आणि बुधली आत शिरते. इंग्रजीत क्रियापद लवकर येतं, म्हणून अनुवादकाला वाक्य पिळावं लागतं. मराठीत ‘येऊन, घेऊन, करून’ अशी माळ लावणं हा आपल्या भाषेचा स्वभावच आहे. म्हणून इथे तीन गोष्टी कटाक्षाने कराव्यात. युरिपिडीसचं प्रत्येक वाक्य ‘-ऊन’वर तोडावं. बुधलीचं वाक्य दर वेळी अक्षरशः तेच ठेवावं. एकदा ‘बुधली’ आणि एकदा ‘कुपी’ असं केलं की लय गेली. आणि डायोनायससची वाढत जाणारी काळजी गाळू नये, कारण तो मध्येच युरिपिडीसला सांगतो की बाबा, ती बुधली विकत घेऊन टाक, एका ओबोलात, एवढ्याशा नाण्यात, चांगली मिळते! एकच वाक्य इतक्या वेळा येण्यातलं हसू त्या काळजीमुळे टिकून राहतं.

पुढे दोघांच्या ओळी तराजूत तोलतात. युरिपिडीस ‘मन वळवणे’ ठेवतो, एस्किलस ‘मृत्यू’ ठेवतो, आणि पारडं धाडकन खाली जातं. युरिपिडीस लोखंडाने जडावलेली गदा आणतो, तर एस्किलस रथावर रथ आणि प्रेतावर प्रेत. इथे खरा तराजू हवा, तोही मोठा. हाताने हवेत तोलून दाखवलं की हा प्रवेश पडतो.

ग्रीक नाटकं मराठीत बसवताना जे बिघडतं त्याची कारणं बहुधा तीच ती असतात. क्लिऑनच्या जागी आजच्या पुढाऱ्याचं नाव घातलं की पहिल्या प्रयोगाला टाळी पडते आणि वर्षभरात संहिता शिळी होते. त्यापेक्षा माणसाचा व्यवसाय आणि आवाज ठेवावा (क्लिऑनला चामड्याच्या धंद्यावरून आणि ओरडण्यावरून चिडवलं जायचं), तेवढ्याने प्रेक्षक आपला माणूस आपणच ओळखतो. नावं अर्थवाही असतात ती तशीच सोडली तर अर्धा विनोद जातो. ‘ढग’ या नाटकात बायकोला मुलाच्या नावात ‘हिप्पोस’, म्हणजे घोडा, हवा, कारण ती बड्या घरची. नवऱ्याला काटकसरीचा ‘फेद’ हवा. शेवटी मुलाचं नाव पडतं फेदिप्पिदीस, आणि काटकसर-घोडा हा मुलगा घोड्यांच्या नादात बापाला कर्जात बुडवतो. अश्लीलता धुऊन काढली तर ‘लिसिस्त्राता’चं कथानकच उरत नाही, कारण बायकांनी शय्येवर पुकारलेला संप हाच तिथला कणा आहे. आणि एक प्रामाणिकपणाची गोष्ट: या नाटकांतलं हसू नेहमी दुबळ्याच्या बाजूचं नसतं. इ.स.पू. ४११ च्या एका नाटकात सिथियन शिपायाच्या मोडक्या ग्रीकवर लांबलचक खेळ आहे. तो आज करायचा तर तो काय आहे हे जाणून करावा.

तमाशातली बतावणी इथे उपयोगी पडते. झांथियस आणि डायोनायससची जुगलबंदी सोंगाड्याच्या उत्तर-प्रत्युत्तराच्या लयीत छान बसते, आणि प्रेक्षकांशी थेट बोलायची सवय तिथे आहेच. पण पाराबासिस एकट्या सोंगाड्याला देऊ नये. ते एका छंदात, एका पावलात बोलणाऱ्या जमावाचं काम आहे. जमावाचा आवाज गेला की ते भाषण होतं.

शोकांतिकेतही हसू आहे, पण थोडं आणि टोकदार. ‘अँटिगनी’तला पहारेकरी राजाकडे वाईट बातमी आणताना वाटेत कितीदा थांबलो, कितीदा परत फिरावंसं वाटलं, हेच आधी सांगत बसतो. एस्किलसच्या ‘ओरेस्टिया’तली दाई मेलेल्या (तिला तसं वाटतं) राजपुत्राच्या आठवणीत त्याचे दुपटे धुतल्याचं रडगाणं गाते. दोन्ही जागी पुढे मरण आहे. ही पात्रं विदूषकासारखी खेळवली की पुढचं मरण खोटं वाटतं. त्यांना आपण विनोदी आहोत हे माहीत नसावं.

हिब्रूकडे येताना पहिली सूचना म्हणजे शब्दखेळ आणि विनोद यांची गल्लत करू नये. यशयाच्या पाचव्या अध्यायात देव ‘मिश्पात’ची, न्यायाची, वाट पाहतो आणि त्याला ‘मिस्पाख’, रक्तपात, दिसतो. ‘त्सदाका’ची, नीतीची, वाट पाहतो आणि ‘त्सअका’, किंकाळी, ऐकू येते. यमक अचूक आहे आणि हसण्यासारखं काहीही नाही. ध्वनीने ऐकणाऱ्याला पकडायचं आणि अर्थाने चपराक द्यायची, ही संदेष्ट्यांची रीत. म्हणून श्लेष दिसला की लगेच ‘बघा, विनोद’ म्हणू नये.

विनोद ओळखायच्या खुणा वेगळ्या आहेत. ज्याला सगळं कळायला हवं त्याला सर्वांत कमी कळतंय का? आकडे आणि मापं गरजेपेक्षा अवाच्या सवा आहेत का? तेच शब्द फिरून बोलणाऱ्याच्याच अंगावर आले का? आणि एवढं सगळं होत असताना सांगणारा मख्ख आहे का? दोन-तीन खुणा एकत्र भेटल्या तर निश्चिंत मनाने हसावं.

एस्तेरच्या पुस्तकात चारही भेटतात. १२७ प्रांतांचा राजा अहश्वेरोश १८० दिवस ऐश्वर्य मिरवतो, मग वर सात दिवसांची मेजवानी. राणी वश्ती एकदा ‘येत नाही’ म्हणते आणि साऱ्या साम्राज्यात, प्रत्येक प्रांताच्या लिपीत आणि भाषेत, फर्मान सुटतं की घरात सत्ता नवऱ्याची. सहाव्या अध्यायात राजाला झोप येत नाही म्हणून तो दरबारची बखर वाचायला लावतो. त्यात मर्दखय या यहुद्याने, एस्तेर राणीला वाढवणाऱ्याने, आपला जीव वाचवल्याची नोंद निघते. त्याच वेळी यहुद्यांचा वैरी, राजाचा बडा मंत्री हामान अंगणात आलेला असतो, मर्दखयाला पन्नास हात उंच, म्हणजे जवळपास ७५ फुटांच्या, खांबावर टांगायची परवानगी मागायला. राजा विचारतो: ज्या माणसाचा सन्मान करायची राजाची मर्जी आहे, त्याचं काय करावं? हामान मनात म्हणतो, माझ्याशिवाय कोण!

इथे हिब्रू वाक्यरचना बघण्यासारखी आहे. हामान उत्तर सुरू करतो ते ‘ज्या माणसाचा सन्मान करायची राजाची मर्जी आहे...’ असं, आणि वाक्य तिथेच लोंबकळत राहतं. तो ते शब्द चघळतोय. मग नव्याने सुरू करतो: राजाने स्वतः घातलेली वस्त्रं आणावीत, राजा बसलेला घोडा आणावा, चौकातून मिरवावं. तो वाक्प्रचार या प्रवेशात पाच वेळा येतो, आणि पाचव्यांदा हामान तो रस्त्यावर ओरडत असतो, मर्दखयाचा घोडा धरून. अनुवादकाने ते लोंबतं वाक्य व्याकरणासाठी ‘दुरुस्त’ करू नये आणि पाचही वेळा शब्द तेच ठेवावेत. मोठ्याने वाचताना पहिल्या वाक्यानंतर एक श्वास थांबलं की पुरे.

हे पुस्तक यहुदी लोक पुरीमच्या सणाला मोठ्याने वाचतात, हामानचं नाव आलं की गोंगाट करून ते बुडवतात, आणि त्याच्या दहा मुलांची नावं एका दमात म्हणतात. कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या बेने इस्राएल या यहुदी समाजाने पुरीमला ‘होळीचा सण’ असं नाव दिलं होतं. काळ आणि आवाज दोन्ही जुळतात, त्यामुळे ते नाव किती नेमकं आहे हे वाचताना पुस्तकच पटवून देतं. पण त्याच पुस्तकाच्या नवव्या अध्यायात ७५,००० शत्रू मारल्याचा आकडा आहे. तिथे वाचनाचा सूर बदलावा. तो भाग गाळला तर पुस्तकाशी अप्रामाणिकपणा होतो, आणि विनोदी सुरात वाचला तर ऐकणाऱ्याशी.

जुन्या करारातलं ‘शास्ते’ हे पुस्तक, तिसरा अध्याय, अगदी थोडक्यात: बन्यामीन म्हणजे ‘उजव्या हाताचा पुत्र’, आणि त्या वंशाचा एहूद डावखुरा. इस्राएलवर सत्ता गाजवणाऱ्या मवाबी राजा एग्लोनच्या नावात ‘एगेल’, वासरू, ऐकू येतं आणि राजा फार लठ्ठ. एहूद त्याला माडीवरच्या थंड खोलीत मारून दार लावून निघून जातो. चाकर बाहेर ताटकळत उभे: धनी ‘पाय झाकून’ बसले असतील. हे शौचाचं सभ्य हिब्रू रूप. ते इतके थांबतात की त्यांनाच लाज वाटू लागते, आणि तेवढ्या वेळात एहूद निसटतो. अनुवादात ‘शौचास बसले असतील’ असं थेट लिहिण्यापेक्षा मराठीतला तसाच आडून बोलणारा शब्द वापरावा, ‘परसाकडे’ किंवा ‘बाहेरच्या बाजूला’. चाकरांचा संकोच हाच तिथे पळून जायला मिळालेला वेळ आहे.

अब्राहामाची बायको सारा, तिचं हसू सगळ्यात कोवळं. तंबूच्या दाराआड उभी असलेली नव्वदीची सारा आपल्याला मूल होणार ही बातमी ऐकून मनात हसते: मी झिजून गेले, आता मला सुख? आणि माझा धनीही म्हातारा! देव अब्राहामाला विचारतो, सारा का हसली, ‘मी म्हातारी असून’ असं का म्हणाली? नवऱ्याच्या म्हातारपणाचा उल्लेख देवाने गुपचूप गाळलेला आहे. यहुदी पंडितांनी हे फार पूर्वी टिपलं आणि घरातल्या शांततेसाठी असं केलं असा अर्थ लावला. मग सारा म्हणते, मी नाही हसले. उत्तर: नाही, तू हसलीसच. आणि मुलाचं नाव इसहाक, हिब्रूत ‘यित्सखाक’, म्हणजे ‘तो हसतो’.

आता योना या संदेष्ट्याचं पुस्तक, कारण विनोदाचा अभ्यास एकाच पुस्तकावर करायचा असेल तर ते हेच. चार अध्याय, ४८ ओव्या, सलग वाचायला दहा मिनिटं पुरतात. पेन्सिल घेऊन बसावं आणि आधी एकच शब्द शोधावा: ‘गादोल’, म्हणजे मोठा. मोठं शहर, मोठा वारा, मोठं वादळ, मोठी भीती, मोठा मासा, लहानापासून मोठ्यापर्यंत, मोठा राग, मोठा आनंद. हिब्रूत तो १४ वेळा आहे. या मोठ्या जगात एकच गोष्ट लहान आहे, ती म्हणजे ज्याला पाठवलंय तो माणूस. अनुवादात त्या एका शब्दाचे ‘प्रचंड’, ‘महा’, ‘अतिशय’, ‘भारी’ असे तुकडे केले की ही रचना दिसेनाशी होते. मराठी गद्यात पुनरुक्ती टाळायची सवय शाळेपासून लागलेली असते. इथे ती सवय नडते.

दुसरा शब्द ‘याराद’, उतरणे. देव म्हणतो ऊठ आणि निनवे या मोठ्या शहरात जाऊन उपदेश कर. योना उठतो खरा, पण उलट दिशेच्या तार्शीशकडे पळायला. तो याफोला उतरतो, जहाजात उतरतो, जहाजाच्या तळाशी उतरतो, आणि शेवटी पाण्यात पर्वतांच्या मुळांशी उतरतो. मराठीत माणूस जहाजात ‘चढतो’, म्हणून अनुवादकाची लेखणी आपोआप ‘चढला’ लिहिते आणि उतरण मध्येच तुटते. ‘जहाजात उतरला’ असंच लिहावं. नावेत उतरणं कानाला तितकं परकं नाही.

वादळ येतं तेव्हा हिब्रूत जहाज ‘विचार करतं’ की आता फुटावं: ‘खिश्शवा लेहिश्शावेर’. त्या श आणि वच्या घर्षणात फळ्यांची करकर ऐकू येते. मराठीत ‘जहाज फुटायच्या बेतात आलं’ असं सहज म्हणतात, आणि ‘बेत’ या शब्दात विचार दडलेलाच आहे. ‘जहाज फुटायचा बेत करू लागलं’ एवढा बदल केला की मूळचा खोडकरपणा परत येतो. परके खलाशी आपापल्या देवांना हाका मारतायत, सामान समुद्रात फेकतायत, आणि देवाचा एकमेव माणूस गाढ झोपलेला. जुन्या ग्रीक भाषांतरकारांना हे इतकं आवडलं की त्यांनी तिथे ‘घोरत होता’ असं लिहिलं. खलाशी प्रार्थना करतात, निनवेकर पश्चात्ताप करतात, मासा ऐकतो, योनाला सावली देणारी वेल पोखरणारा किडाही ऐकतो. आज्ञा मोडणारा एकटा योना. तीन दिवस पोटात ठेवल्यावर मासा त्याला ओकतो. शब्द ओकण्याचाच आहे. ‘बाहेर टाकले’ म्हणणं म्हणजे उगाच सोवळेपणा.

निनवेत त्याचं प्रवचन हिब्रूत पाच शब्दांचं: अजून चाळीस दिवस, निनवे उलटणार. ‘नेहपाखेत’चे दोन अर्थ, उद्ध्वस्त होणं आणि पालटून जाणं. शहर दुसऱ्या अर्थाने उलटतं, आणि योनाला पहिला हवा होता. राजा गुराढोरांनाही उपास करायला आणि गोणपाट नेसायला लावतो. गोणपाट पांघरलेली गाय वाचकाने डोळ्यांसमोर आणावी. लेखकाने ती मुद्दाम उभी केली आहे. आणि मग योना संतापून देवाला सुनावतो: तू दयाळू, कनवाळू, मंदक्रोध आहेस हे मला माहीत होतं, म्हणून तर मी पळालो! इस्राएलची सगळ्यात मोठी स्तुती त्याच्या तोंडी तक्रार होऊन येते. ही ओवी भजनाच्या सुरात वाचली जाते आणि तिथेच चूक होते. ती भांडणाच्या सुरात वाचावी.

हेच पुस्तक यहुदी लोक योम किप्पुरला, वर्षातल्या सर्वांत कडक उपासाच्या दुपारी, प्रार्थनेत वाचतात. भक्ती आणि हसू एका जागी बसत नाहीत असं ज्यांना वाटतं त्यांनी एवढं लक्षात घ्यावं. मराठी वाचकाला अडचण येते ती बरेचदा भाषेच्या उंचीमुळे. संस्कृतप्रचुर, सगळीकडे सारख्याच गंभीर वळणाने जाणाऱ्या वाक्यात ‘लो’सारखा एकाक्षरी कबुलीजबाब किंवा ओकणारा मासा दबून जातो. पंडिता रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीक शिकून संपूर्ण बायबल साध्या बायाबापड्यांना कळेल अशा मराठीत आणायला आयुष्याची अखेरची वर्षं घातली, आणि ते १९२४ मध्ये केडगावच्या मुक्ती मिशनने छापलं. हिब्रू कथेला साधेपणाच लागतो ही त्यांची जाण होती. दोन मराठी भाषांतरं शेजारी ठेवून योनाचा एकच अध्याय ओळीने ताडून पाहिला तर कुठे शब्द फुगलेत ते लगेच दिसतं.

शेवटच्या ओवीपाशी वाचणारे हमखास घसरतात. देव योनाला विचारतो: तू न लावलेल्या, एका रात्रीत आलेल्या आणि एका रात्रीत गेलेल्या वेलीसाठी तू हळहळतोस, मग उजवा-डावा हात न कळणारी १,२०,००० हून जास्त माणसं ज्या मोठ्या शहरात आहेत, त्याच्यासाठी मी हळहळू नये का? इथे वाचणारा आवाज खाली आणून थांबतो, कारण हा आशय शेवटासारखा वाटतो. थांबू नये. वाक्य अजून संपलेलं नाही, आणखी दोन हिब्रू शब्द बाकी आहेत, आणि योनाचं उत्तर पुस्तकात कुठेच नाही. त्याच श्वासात, आवाज न बदलता, पुढचं म्हणावं आणि पुस्तक मिटावं: ‘आणि पुष्कळ गुरंढोरं?’